जानेवारीच्या रात्रीतला पावसाळा

रात्रीचे दहा वाजतात आणि डीपीजवळच्या खांबावरचा बल्ब लागतो. आबा एवढ्याचीच वाट बघत विहिरीच्या काठावर बसलेले आहेत. ते उठतात, स्टार्टरच्या पेटीचं झाकण उघडून बटण दाबतात. मोटार घुमते. पाइपाच्या तोंडातून आधी हवा, मग गढूळ पाणी आणि मग काचेसारखं नितळ पाणी पाटात पडायला लागतं. या आठवड्यात पालीच्या या शिवाराला रात्रीची लाईट आहे. गहू पोटरीत आलेला आहे, त्याला आता पाणी चुकवून चालत नाही. म्हणून रात्रभर दारं धरायची.

बीडहून सोलापूरकडे जाणाऱ्या हमरस्त्यावर, बिंदुसरेच्या धरणाजवळ ही पाली. दक्षिणेला बालाघाटाची रांग अंधारात काळी पडलीय आणि तिच्या अंगावरून मांजरसुंब्याचा घाट चढणाऱ्या ट्रकांचे दिवे सरकताहेत. उत्तरेला बीड शहराच्या उजेडानं क्षितिजाची कड पिवळट झालीय. बाकी सगळं आभाळ मोकळं आहे. २०२५ च्या जानेवारीचा शेवट, उद्या पौष अमावास्या, चंद्र नाही. थंडी अशी, की पाटात पाय घातला की घोट्यापर्यंत बधिर होतो.

आबा खोरं खांद्यावर टाकतात, मान वर करतात आणि म्हणतात, "तिकांडं डोक्यावर आलं. दहा वाजले म्हणजे बरोबर वाजले."

मी वर बघतो. मृगाच्या पोटातले ते तीन तारे एका ओळीत, माथ्याच्या किंचित दक्षिणेला. मृगाच्या खांद्याशी लालसर आर्द्रा. खाली आग्नेयेच्या अंगाला व्याध लखलखतोय. मृगाच्या वर, पश्चिमेकडे कललेला, व्याधाहूनही तेजस्वी ठिपका दिसतो तो गुरू. यंदा तो रोहिणीच्या शेजारी मुक्कामाला आहे. आणि दक्षिणेला, डोंगराच्या कडेपासून थोडा वर, एकटाच अगस्ती.

"पाव्हणं, वर काय बघायलाव? दगड बघा पायाखाली," आबा बॅटरीचा झोत माझ्या पायांवर टाकतात.

पहिला वाफा भरायला लागतो. आबा वाफ्याच्या दुसऱ्या टोकाला जाऊन उभे राहतात. पाणी मातीवरून येताना दिसत नाही, त्याचा आवाज येतो. कोरड्या ढेकळांत शिरताना होणारा बारीक बुडबुड आवाज. तो टोकाला पोचला की ते चालत पाटाकडे येतात, पुढच्या वाफ्याच्या बांधाला खोऱ्यानं एक घाव घालतात आणि त्याच मातीनं मागचं दार बुजवतात. दोन घाव आणि पायानं एक दाब. पुढचा वाफा. यात घड्याळ कुठं लागत नाही.

आखाड्यावर, गोठ्याच्या पुढं, नातवानं शेकोटी केलीय. नववीतला मुलगा. घरात सगळे त्याला भैय्या म्हणतात. संध्याकाळी याच आगटीत आम्ही हुरडा भाजून खाल्लाय, गोवरीच्या निखाऱ्यांची धग अजून आहे. शेजारच्या पट्ट्यात ज्वारी उभी आहे आणि तिची कणसं चिकातून हुरड्यात आली आहेत. भैय्या मांडीवर वही घेऊन बसलाय. अभ्यासाची वही नव्हे. तो आणि त्याचे दोन मित्र मिळून एक ग्रह तयार करताहेत. त्यावरची राज्यं, नद्या, प्राणी, लढाया असं सगळं वहीत आहे. त्याच्या वाट्याला कॅलेंडर आलंय.

तो मला पान दाखवतो. त्या ग्रहाला दोन चंद्र आहेत. वर्षाचे दहा महिने, प्रत्येक छत्तीस दिवसांचा. प्रत्येक महिन्याला एका ताऱ्याचं नाव आहे आणि ती नावं त्यानं स्वतः केली आहेत: धगधगी, काजळी, तीनपायी, आंधळा मोर. प्रत्येक नावापुढं ठिपक्यांनी आकृती काढलीय. तीनपायीची आकृती तिकांड्यावरून उचललीय हे उघड दिसतं.

मला ते पान फार आवडतं. टोल्किननं आपल्या कादंबरीच्या परिशिष्टात हॉबिटांसाठी केलेलं कॅलेंडर १९५५ साली छापलं गेलं, तेव्हा त्यानंही बारा महिने तीस-तीस दिवसांचे धरले होते आणि उरलेले पाच दिवस महिन्यांच्या बाहेर, सणांसाठी ठेवले होते. हे मी भैय्याला सांगतो. त्याला त्या बाहेरच्या पाच दिवसांची कल्पना पटते, तो लगेच समासात लिहून घेतो.

आबा चहाला येतात. कपाळावरची टोपी मागं सरकवून ते वहीत वाकून बघतात. दहाही नावं भैय्याकडून वाचून घेतात.

"पाऊस कोणत्या महिन्यात?"

"ते नाही ठरवलं अजून."

"मग पेरतेत कधी?"

भैय्या गप्प. आबा चहा बशीत ओततात. "आधी ते ठरव. मग बाकीचं बसतंय आपोआप."

चहा पिऊन ते परत पाण्याकडं जातात. मी शेकोटीजवळच बसून राहतो, कारण या एका प्रश्नात सगळं आलंय असं मला वाटतं.

महाराष्ट्रातला शेतकरी ताऱ्यांचं कॅलेंडर रोज वापरतो. पौष, माघ हे चंद्राचे महिने सणावारांसाठी. चांद्रवर्ष ३५४ दिवसांचं, सूर्याच्या वर्षापेक्षा अकरा दिवसांनी तोकडं. ते मागं सरकत जातं आणि अधिक महिना घालून त्याला परत ओढून आणावं लागतं. २०२३ मध्ये श्रावण अधिक आला, तेव्हा निज श्रावण ऑगस्टच्या मध्यानंतर सुरू झाला. अशा महिन्यांवर पेरणी कशी बेतणार? म्हणून शेतीसाठी वेगळी मोजणी: सूर्य कोणत्या नक्षत्रात आहे त्याची. आकाशातल्या वर्तुळाचे सत्तावीस भाग, एकेक १३ अंश २० कलांचा. सूर्य दिवसाला साधारण एक अंश चालतो, म्हणजे एका नक्षत्रात तेरा-चौदा दिवस राहतो. २५ मेला रोहिणी, ७-८ जूनला मृग, २१-२२ जूनला आर्द्रा, मग पुनर्वसू, पुष्य, आश्लेषा, १६-१७ ऑगस्टला मघा, पुढं पूर्वा, उत्तरा, सप्टेंबरअखेर हस्त, १० ऑक्टोबरला चित्रा, २३-२४ ऑक्टोबरला स्वाती. या तारखा दरवर्षी त्याच. सोलापूरच्या दाते पंचांगात त्या असतात, १९७३ पासून घरोघर टांगल्या जाणाऱ्या कालनिर्णयात असतात, आणि ज्यांनी दोन्ही उघडलं नाही त्यांच्या तोंडावरही असतात.

आबांच्या तोंडून ती यादी ऐकायला मिळते ती कामांसकट. पाटाच्या कडेनं चालताना ते बोलतात, मी ऐकतो. रोहिणीत वळवाचा पाऊस झाला तर रान तयार. मिरगाचा किडा, तो लाल मखमली, बांधावर दिसला की बियाण्याची थैली फोडायची. मिरगात किंवा आडदऱ्यात मूग, उडीद, सोयाबीन, कापूस पेरून झालं पाहिजे. पुनर्वसूचा तो तरणा पाऊस, पुष्याचा म्हातारा. तरण्यात आणि म्हाताऱ्यात कोळपणी, खुरपणी. मघाचा पाऊस जमिनीत मुरतो, विहिरीला पाझर फुटतो. उत्तरा सरता सरता ज्वारीचं रान मोडायचं आणि हस्ताच्या ओलीवर ज्वारी पेरायची. ही समोरची ज्वारी हस्तातलीच. चित्रा-स्वातीत हरभरा. स्वातीच्या पावसात मोती पिकतात म्हणतात.

"आणि स्वातीनंतर?" मी विचारतो.

"स्वातीनंतर काय? संपलं."

स्वातीनंतर विशाखा, अनुराधा, ज्येष्ठा, मूळ आणि पुढं पार कृत्तिकेपर्यंत पंधरा नक्षत्रं सूर्य ओलांडतो. आज या क्षणी तो श्रवणात आहे. २४ जानेवारीला आलाय, ६ फेब्रुवारीला धनिष्ठेत जाईल. शिवारात हे कुणी बोलत नाही. सत्तावीसपैकी बारा नक्षत्रं जिवंत आहेत, पंधरा फक्त छापील. कारण त्या पंधरांना कामाचा आणि पावसाचा हात लागलेला नाही. भैय्याच्या दहा महिन्यांचं हेच होईल असं मला वाटतं. नावं कितीही देखणी असली तरी माणसं तीच लक्षात ठेवतील ज्यांच्यात काही पेरलं, काढलं किंवा बुडालं.

मध्यरात्र. मृग आता पश्चिमेकडे उतरायला लागलाय आणि माथ्यावर पुनर्वसूचे दोन तारे आले आहेत. त्यांच्या शेजारी तिसरा, तांबूस, स्थिर प्रकाशाचा मंगळ आहे. त्यांच्या पूर्वेला पुष्याचा अंधुक पुंजका. डोळे सरावले की दिसतो, थेट बघितलं की नाहीसा होतो, जरा बाजूला बघितलं की परत येतो. भैय्याला तो सापडत नाही. मी त्याला पुनर्वसू आणि मघा यांच्या मधोमध बघायला सांगतो. बऱ्याच वेळानं तो ओरडतो, "आहे! धूर असल्यासारखं!"

आणि मग त्याच्याच लक्षात येतं. "म्हणजे रोहिणी गेली, मृग गेला, आता म्हातारा पाऊस डोक्यावर आलाय?"

हो. जानेवारीच्या एका रात्रीत सगळा पावसाळा डोक्यावरून जातो. संध्याकाळी सातला कृत्तिका माथ्यावर असतात आणि रोहिणी त्यांच्या मागोमाग. पहाटे उजाडायच्या आधी स्वाती माथ्याकडे चढलेली असते. पेरणीपासून हरभऱ्यापर्यंतची पाच महिन्यांची नक्षत्रं, याच क्रमानं, नऊ-दहा तासांत. आणि हे बघायला जागं कोण असतं, तर ज्याला रात्रीची लाईट आहे तो.

मृगाबद्दलची एक गोष्ट मी भैय्याला सांगतो, ती त्याला खरीच वाटत नाही. जूनमध्ये मृग नक्षत्र लागतं तेव्हा आकाशात मृग दिसत नाही. सूर्यच त्या भागात असतो, तारे त्याच्या बरोबर उगवतात आणि बरोबर मावळतात. मेच्या मध्यापर्यंत संध्याकाळी पश्चिमेला मृग दिसतो, मग गुडूप होतो आणि जुलैच्या सुरुवातीला पहाटे पूर्वेला परत येतो. ज्या पंधरवड्यात सगळा महाराष्ट्र मृगाचं नाव घेतो, त्या पंधरवड्यात मृग कुणाला दिसत नाही. हे नुसतं बघून जमणारं काम नव्हे. रात्री कोणते तारे समोर आहेत त्यावरून, न दिसणारा सूर्याच्या मागचा तारा कोणता हे ज्यांनी हिशेबानं ठरवलं, त्यांची ही मोजणी आहे.

इतरांनी वेगळ्या वाटा धरल्या. न्यूझीलंडचे माओरी कृत्तिकांना मातारिकी म्हणतात आणि भर हिवाळ्यात, जून-जुलैच्या पहाटे, त्या परत दिसल्या की त्यांचं नवं वर्ष सुरू होतं. २०२२ पासून तिथं त्या दिवसाची सरकारी सुट्टी असते. जुन्या इजिप्तमध्ये छत्तीस तारकागट होते. एकेक गट दहा दिवसांचा, आणि रात्री त्यांच्या उगवण्यावरून पुजारी वेळ सांगत. आबांनी मघाशी तिकांड्यावरून दहा वाजल्याचं सांगितलं ते याच जातीचं ज्ञान. भैय्या छत्तीसचा आकडा ऐकून खूश होतो, कारण त्याचे महिनेही छत्तीस दिवसांचे आहेत.

ईशान्येला बाज पूर्ण वर आलीय. दहा वाजता तिचे चार खूर दिसत होते आणि शेपटाकडचा चोर बीडच्या उजेडाखाली, क्षितिजाआड होता. आता तिन्ही चोर वर आहेत. सप्तर्षींची ही बाज-चोरांची गोष्ट विदर्भातल्या गोंडांमध्येही आहे. टाटा मूलभूत संशोधन संस्थेचे मयंक वाहिया आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गोंड वस्त्यांमध्ये जाऊन ती नोंदवली आहे. आबांची आई त्यांना सांगायची, की बाज म्हातारीची आहे आणि चोर रात्रभर तिच्या मागं आहेत, पण तिला झोप लागत नाही म्हणून त्यांना ती चोरता येत नाही.

आखाड्याच्या खोलीत भिंतीला खिळा आहे आणि त्या खिळ्याला कॅलेंडरांचा गठ्ठा अडकवलाय. दोन वाजता आबा मला तो दाखवायला आत नेतात, कारण मी पावसाच्या नोंदीबद्दल विचारलंय. वरचं चालू सालचं. खाली जुनी, कोपरे उंदरांनी कुरतडलेली. प्रत्येकातली जूनपासून ऑक्टोबरपर्यंतची पानं पेन्सिलीनं भरलेली आहेत. नक्षत्र लागतं त्या तारखेला उभी रेघ. पेरणीजोगा पाऊस झाला तर गोल. नुसता शिडकावा झाला तर अर्धा गोल. चौदा दिवस कोरडे गेले तर रेघेपासून रेघेपर्यंत आडवी काट. अक्षर कुठंच नाही, सगळ्या खुणाच. आबा शाळेत दुसरीपर्यंत गेले आहेत.

२०२३ चं पान ते बॅटरीखाली धरतात. ऑगस्टच्या पानावर सगळी काट. आश्लेषा कोरडी, मघा कोरडी. त्या वर्षीचा ऑगस्ट देशात १९०१ पासूनचा सर्वांत कोरडा ऑगस्ट ठरला. आबांच्या पानावर तो असा दिसतो. २०२१ चं पान उलट. सप्टेंबरच्या शेवटी, हस्ताच्या रेघेला लागून गोलावर गोल काढलेत, पेन्सिलीचं टोक कागदातून आरपार गेलंय. गुलाब चक्रीवादळाचं उरलंसुरलं मराठवाड्यावर आलं तो हा आठवडा. मांजरा धरणाचे दरवाजे उघडावे लागले, बीड, लातूर, उस्मानाबादेत काढणीला आलेलं सोयाबीन पाण्यात उभं राहिलं. २०२० च्या पानावर चित्रेत तसेच गोल.

"आधी हत्ती असा नव्हता पडत," आबा हस्ताबद्दल म्हणतात. "सोयाबीन काढायच्या टायमाला येतो आता. आणि मिरग वाट बघायला लावतो."

मी त्या खुणांवरून बोट फिरवतो. हवामानखात्याकडे आकडे आहेत, ते आवश्यकच आहेत. पण या भिंतीवरच्या गठ्ठ्याचं मोल मला कमी वाटत नाही. पाऊस बदलला असं म्हणायला आधी पाऊस कुठं असायचा ते ठाऊक असावं लागतं. तरणा, म्हातारा, मघा, हत्ती अशी तेरा-चौदा दिवसांची घरं केलेली असली, की कोणतं घर रिकामं राहिलं आणि कोणतं तुडुंब भरलं ते माणूस बोट ठेवून दाखवू शकतो. आबांना सरासरी सांगता येणार नाही. घर मात्र सांगता येतं.

छापील पानावर नक्षत्रापुढं वाहनही दिलंय: कोल्हा, म्हैस, मोर. शिवारात त्याची चर्चा पावसाळ्याआधी महिनाभर चालते. बेडूक, म्हैस, हत्ती असेल तर भरपूर. मोर, गाढव, उंदीर मध्यम. कोल्हा आणि मेंढा ओढ देणार. घोडा डोंगराला पाऊस देणार. हे वाहन ठरतं कसं ते मी भैय्याला सांगतो, कारण त्याला त्याच्या ग्रहासाठी हे हवं आहे. सूर्य नक्षत्रात शिरतो त्या वेळी चंद्र कुठं आहे बघायचं, सूर्याच्या नक्षत्रापासून तिथपर्यंत मोजायचं, नऊनं भागायचं, आणि उरलेल्या बाकीवरून प्राणी ठरवायचा. ढगाचा, वाऱ्याचा, समुद्राचा यात कुठं संबंध येत नाही. माझं मत स्पष्ट आहे आणि मी ते आबांसमोरही बोलतो: नक्षत्रं ठेवावीत, वाहनावर बियाणं टाकू नये. नक्षत्र हा काळाचा पट्टा आहे, तो खरा आहे. वाहन हा भागाकार आहे. बी-बियाणं उसनवारीनं आणलेल्या माणसाची पेरणी एका बाकीवर उलटावी हे मला सहन होत नाही.

आबा ऐकून घेतात. "म्हैस असली तर बरं वाटतं एवढंच," ते म्हणतात. "पेरतो आम्ही ओल बघूनच. वीतभर ओल गेली पाहिजे." ते हाताची वीत उघडून दाखवतात. बोटांच्या पेरांमध्ये चिखल वाळून भेगाळलाय.

पुन्हा बाहेर. मघा माथ्यावर आलीय. आग्नेयेला हस्ताचा चौकोन, त्याच्याखाली पांढरीशुभ्र चित्रा, आणि ईशान्येच्या अंगाला नारिंगी स्वाती. पश्चिमेला मृग आडवा झालाय. वारं पडलंय आणि गारठा वाढलाय. लांब, धरणाच्या बाजूला कुत्री भुंकतात. आबा क्षणभर थांबून कानोसा घेतात. बिबट्याची भीती आता या भागात रात्रीच्या पाण्याला कायमची चिकटलेली आहे. ते मोठ्यानं खाकरतात, खोरं दगडावर दोनदा आपटतात आणि पुढच्या वाफ्याचं दार फोडतात.

भैय्या मला विचारतो, हे तारे कायम असेच राहणार का. त्याच्या ग्रहाचा इतिहास दहा हजार वर्षांचा आहे, म्हणून हा प्रश्न. मी सांगतो, राहणार नाहीत. पृथ्वीचा आस भोवऱ्यागत हळूहळू डोलतो. त्यामुळं ऋतू आणि नक्षत्रं यांची गाठ सैल होत जाते, साधारण एकाहत्तर वर्षांत एक दिवस. वराहमिहिराच्या काळी, म्हणजे सहाव्या शतकात, सूर्य मृगात शिरायचा तो आजच्या हिशेबानं मेच्या तिसऱ्या आठवड्यात. पावसाची खरी सुरुवात तेव्हा आर्द्रेत होत असणार. पंचांगात पावसासाठी आर्द्राप्रवेशाची कुंडली अजून मांडतात. आणखी हजार वर्षांनी मृग लागेल तो २१-२२ जूनच्या सुमाराला. पाऊस आजच्या वेळेवर येत राहिला तर लोक रोहिणीत पेरतील.

मुरूडचे शंकर बाळकृष्ण दीक्षित यांनी हाच हिशेब उलटा लावला होता. कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहीत असं शतपथ ब्राह्मणात म्हटलंय. तसं केव्हा घडत असेल ते मोजून त्यांनी तो काळ इसवी सनापूर्वी तीन हजारच्या आसपास नेला. त्यांचं 'भारतीय ज्योतिषशास्त्र' १८९६ चं, आणि अवघ्या दोन वर्षांनी ते गेले. त्या काळनिर्णयावर वाद झाले आहेत. तरी एका मराठी शिक्षकानं, मराठीत, ताऱ्यांच्या जागेवरून माणसांचा काळ शोधण्याची ही खटपट केली याचा मला अभिमान वाटतो, आणि तो मी या पोरापाशी लपवत नाही.

भैय्या वहीत लिहितो: दर एकाहत्तर वर्षांनी एक दिवस पुढे. मग विचार करून म्हणतो, "म्हणजे माझ्या ग्रहावर सुरुवातीला धगधगीत पेरायचे आणि आता काजळीत पेरतात. आणि म्हातारी माणसं अजून धगधगीच म्हणतात." मला याहून चांगला इतिहास सुचला नसता.

चारच्या सुमाराला तिकांडं मावळतं. शेवटचा तारा झाडाआड जाईपर्यंत आबा बघत राहतात. "आता दोन तास राहिले लाईटीचे," ते म्हणतात आणि उरलेले वाफे मोजतात. पाणी पुरणार नाही. कडेचे राहतील. दिवसाची पाळी आली की त्यांना द्यायचं असं ठरतं.

पाचला आजी उठून येते. म्हशीखाली बसायच्या आधी ती शेकोटीत दोन काटक्या टाकते आणि भैय्याच्या अंगावर गोधडी घालते. तो जागाच आहे. त्यानं दहातली सहा नावं खोडली आहेत. उरलेल्या चारांपुढं पेरणी, खुरपणी, काढणी आणि 'पूर येतो' असं लिहिलंय. खोडलेल्या जागा मोकळ्या आहेत.

"एवढं मोकळं का ठेवलं?" आजी विचारते.

"तेव्हा काही काम नसतं, आज्जी. पाऊस नाही, पेरणी नाही."

आजी त्याच्याकडं बघते. "काम नसतं कसं? तुझे मायबाप काय करायलेत मग तिकडं?"

त्याचे आईवडील टोळीबरोबर ऊसतोडीला गेले आहेत, कोल्हापूरकडं. दसऱ्याआधी मुकादमानं उचल दिली. यंदा गाळप नोव्हेंबरच्या मध्याला सुरू झालं, तेव्हा कोयता घेऊन ट्रॅक्टरवर बसले. बीड जिल्ह्यातून दरवर्षी लाखो माणसं अशी जातात आणि शिवारात आबांच्या वयाचे उरतात. दीड एकरातल्या गव्हाला रात्री पाणी द्यायला आज म्हातारा आणि पोरगाच आहे याचं कारण तेच. मी मघापासून ज्या पंधरा नक्षत्रांना रिकामी म्हणतोय, ती इथल्या माणसांची सर्वांत कष्टाची नक्षत्रं आहेत. सूर्य विशाखेत असताना फडावर गेलेली माणसं मूळ, श्रवण, शततारका ओलांडून परत येतात. त्यांच्या या कामाला ना पंचांगात जागा, ना बोलण्यात. ते दुसऱ्याच्या शिवारातलं काम आहे म्हणून असेल कदाचित.

भैय्या वही पुन्हा उघडतो. "काका, ती बाकीची नावं सांगा. क्रमानं."

मी सांगतो, तो लिहितो. विशाखा, ६ नोव्हेंबर. अनुराधा, १९. ज्येष्ठा, मूळ, पूर्वाषाढा. उत्तराषाढा, संक्रांत तिच्यात. श्रवण, म्हणजे आज. धनिष्ठा, शततारका, पूर्वा भाद्रपदा. उत्तरा भाद्रपदा मार्चच्या मध्यानंतर. रेवती ३१ मार्चला, अश्विनी १४ एप्रिलला, भरणी २७ ला, शेवटी कृत्तिका. आबा पाटाच्या कडेनं येऊन उभे राहिले आहेत. चित्रा माथ्यावर आलीय, पूर्वेला उजेडाची चाहूल आहे आणि खांबावरचा बल्ब अजून चालू आहे. ही नावं त्यांनी एका दमात अशी कधी ऐकलेली नाहीत.

"पाडवा कशात येतो?" आजी विचारते.

मी हिशेब करतो. यंदा पाडवा ३० मार्चला. "उत्तरा भाद्रपदा संपता संपता."

"पाडव्याला नाही यायचे ते. फड राहिला तर राहतेत आणखी पंधरा दिवस."

"मग रेवती," भैय्या म्हणतो. "नाहीतर अश्विनी."

"रेवती लिही," आबा म्हणतात. "अश्विनी कंसात लिही."